वसंतांतील लुटुपुटीची लढाई

एप्रिल महिन्यांतील एखादा शनिवार असतो. अमेरिकेच्या दक्षिण भागांतील एका लहानशा विद्यापीठनगराकडे सकाळपासून मोटारींची रीघ लागलेली असते. आजोबांपासून कडेवरच्या पोरापर्यंत सारें कुटुंब एकाच रंगाचे सदरे घालून बाहेर पडलेलें असतें. झाडांच्या सावलींत शेगड्या पेटतात, भाजलेल्या मांसाचा वास दरवळतो, वाद्यें वाजूं लागतात आणि दुपार कलतां कलतां ऐंशी-नव्वद हजार माणसें एका अवाढव्य क्रीडांगणांत जाऊन बसतात. पण ज्याच्याशीं झुंजावयाचें तो परगांवचा संघ मात्र कोठेंच दिसत नाहीं. मैदानावर उतरणारे दोन्ही पक्ष एकाच विद्यापीठाचे, एकाच प्रशिक्षकाच्या हाताखालीं शिकलेले आणि एकाच भोजनगृहांत जेवणारे असतात. खेळ संपल्यावर त्याच्या गुणांची नोंद कोणत्याहि कोष्टकांत होत नाहीं. मुलें भातुकली मांडून जसा संसार करतात, तशीच ही थोरामोठ्यांची लुटुपुटीची लढाई होय.

लढाई लुटुपुटीची असली तरी गर्दी मात्र खरीखुरी असते. १६ एप्रिल २०१६ रोजीं ओहायओ स्टेट विद्यापीठाच्या अशा सामन्यास १,००,१८९ प्रेक्षक हजर होते. ज्याच्या निकालास कवडीचीहि किंमत नाहीं असा सामना पाहण्यासाठीं लाखभर लोक कां जमतात? आणि ज्यास एवढा लोकसमुदाय लोटतो तोच सामना अलीकडे कांहीं विद्यापीठें आपण होऊन बंद कां करूं लागलीं आहेत? या दोन प्रश्नांचीं उत्तरें शोधूं लागलें म्हणजे खेळाडू आणि त्याच्यावर जीव लावणारे लोक यांच्यांतील नात्याची एक हकीकत हातीं लागते.

आपल्याकडे फुटबॉल म्हटलें कीं पायानें चेंडू लाथाडण्याचा खेळ डोळ्यांपुढें येतो. अमेरिकेंत त्या नांवानें ओळखला जाणारा खेळ अगदीं निराळा आहे. त्यांतील चेंडू लांबट आणि दोन्ही टोकांस निमुळता असून तो बहुतेक वेळ हातांत धरून पळवावयाचा किंवा हातानें फेंकावयाचा असतो. मैदान १०० यार्ड लांब आणि सुमारें ५३ यार्ड रुंद. शिवाय दोन्ही टोकांस दहा-दहा यार्डांची एकेक पट्टी. प्रत्येक पक्षाचे अकरा गडी असतात. ज्या पक्षाच्या ताब्यांत चेंडू असेल त्यानें चार खेपांत निदान दहा यार्ड पुढें सरकावयाचें. तसें झाल्यास चेंडू त्याच्याकडेच राहतो, न झाल्यास तो प्रतिपक्षाकडे जातो. असें सरकत सरकत चेंडू प्रतिपक्षाच्या टोकाच्या पट्टींत नेला म्हणजे सहा गुण मिळतात. प्रत्येक खेपेच्या आरंभीं दोन्ही पक्ष एका कल्पित रेषेच्या दोहों बाजूंस वांकून, नजरेला नजर देऊन उभे राहतात. आट्यापाट्यांत पाटी धरणारा आणि पाटी ओलांडूं पाहणारा यांच्यांत जो ताण असतो तोच येथें असतो. फरक इतकाच कीं येथें अंगावर धांवून जाऊन गड्यास खालीं पाडण्याची मोकळीक असते. चेंडू हलला कीं पांच-सात सेकंद एकच झटापट होते, शिटी वाजते आणि पुन्हां नवी मांडणी सुरू होते. त्या रेषेस इंग्रजींत स्क्रिमेजची रेषा म्हणतात. या शब्दाचें मूळ चकमक या अर्थाच्या शब्दांत आहे आणि आपसांत खेळावयाच्या सरावाच्या सामन्यासहि तोच शब्द वापरतात.

हा खेळ कॉलेजांतच जन्मला आणि वाढला. ६ नोव्हेंबर १८६९ रोजीं न्यू जर्सी राज्यांतील न्यू ब्रन्सविक येथें रटगर्स आणि प्रिन्स्टन या दोन कॉलेजांत झालेला सामना हा कॉलेज-फुटबॉलचा पहिला सामना समजतात. रटगर्सनें तो सहा विरुद्ध चार असा जिंकला. त्या वेळीं एकेका बाजूस २५ गडी होते आणि खेळाचें स्वरूपहि पायानें खेळावयाच्या फुटबॉलशीं अधिक जुळणारें होतें. पुढें येल कॉलेजच्या वॉल्टर कँप यानें १८८० सालीं गड्यांची संख्या अकरावर आणविली व वर सांगितलेली रेषा रूढ केली; १८८२ सालीं ठराविक खेपांत ठराविक अंतर तोडण्याचा नियम आला. खेळास शिस्त आली, पण त्याची क्रूरता कमी झाली नाहीं. १९०५ च्या हंगामांत १८ तरुण या खेळापायीं प्राणास मुकल्याचें वृत्तपत्रांनीं छापलें. त्याच वर्षीं राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांनीं हार्वर्ड, येल आणि प्रिन्स्टन येथील प्रतिनिधींस व्हाइट हाउसमध्यें बोलावून खेळ सुधारण्याविषयीं बजावलें. १९०६ पासून चेंडू पुढें फेंकण्यास परवानगी मिळाली, त्यामुळें गड्यांचे घोळके फुटून खेळ मोकळा झाला. त्याच सालीं विद्यापीठांनीं एक नियामक संस्था स्थापन केली. १९१० पासून ती एनसीएए या नांवानें ओळखली जाते. सराव किती दिवस करावा, त्यांत गड्यांनीं एकमेकांस किती वेळां पाडावें, हें आज हीच संस्था ठरवून देते.

फुटबॉलचा हंगाम ऑगस्टच्या अखेरीस सुरू होतो. नेहमींचे बारा सामने नोव्हेंबरच्या शेवटापर्यंत आटोपतात आणि त्यानंतरचे निवडक संघांचे सामने जानेवारीपर्यंत चालतात. त्यापुढें पुन्हां ऑगस्ट उजाडेपर्यंत एकहि सामना नसतो. या दीर्घ उपवासाच्या मध्यावर, मार्च-एप्रिलमध्यें, वसंतांतील सराव येतो. १८८९ सालीं हार्वर्डच्या संघाचा कप्तान आर्थर कमनॉक यानें मार्च महिन्यांतच आपल्या गड्यांस मैदानावर उतरविलें, तेव्हांपासून या प्रघातास आरंभ झाला असें मानतात. मोठ्या विद्यापीठांना अलीकडच्या नियमांनीं या सरावासाठीं १५ दिवस दिलेले आहेत. अंगावर जाऊन पाडापाडी करण्यास त्यांतील ८ च दिवसांची मुभा असून, अकरांविरुद्ध अकरा अशी पुरी चकमक तीनच वेळां करतां येते. शेवटची चकमक लोकांसमोर करण्याची जी चाल पडली, तोच हा वसंतसामना. नाटक मंडळ्यांत जिला रंगीत तालीम म्हणतात तिच्यासारखाच हा प्रकार होय. वेष पुरा, दिवे पुरे, प्रेक्षकहि पुरे. पण खरा प्रयोग अजून चार महिने दूर असतो.

खेळाडूंची वाटणी करण्याच्या तऱ्हा निरनिराळ्या आहेत. कोठें दोन कप्तान आळीपाळीनें गडी मागून घेतात. कोठें पहिल्या प्रतीचे गडी एकीकडे आणि दुसऱ्या प्रतीचे दुसरीकडे असतात. तर कोठें चढाई करणारे सारे एक पक्ष आणि बचाव करणारे सारे दुसरा पक्ष, अशी विभागणी होते. या शेवटच्या प्रकारांत गुण मोजण्याची पद्धतहि नवी बसवावी लागते. प्रतिपक्षास अडवून धरल्याबद्दल बचावाच्या पक्षास गुण देतात. चेंडू कोणाकडे द्यावा व कोठें फेंकावा हें ठरविणारा जो प्रमुख गडी, ज्यास क्वार्टरबॅक म्हणतात, त्याच्या अंगांत बहुधा निराळ्या रंगाचा सदरा असतो. त्या सदऱ्याचा अर्थ असा कीं यास पाडावयाचें नाहीं. प्रतिस्पर्धी त्याच्याजवळ पोंचला कीं पंच शिटी वाजवितो आणि तो गडी पडल्याचें मानून घेतात. चेंडू दूरवर लाथाडून खेळ सुरू करण्याची जी धोक्याची खेप, ती पुष्कळ ठिकाणीं गाळूनच टाकतात. उत्तरार्धांत घड्याळ न थांबवितां खेळ लवकर उरकतात. खऱ्या सामन्यांतील प्रत्येक धोका असा मोजूनमापून कमी केलेला असतो, कारण एप्रिलमध्यें एखाद्या गड्याचा गुडघा मोडला तर त्याची भरपाई सप्टेंबरांत होत नसते.

अशा सामन्यापासून काय समजून घ्यावें, हें ठरविणें फार कठीण आहे. चढाईच्या गड्यांनीं लांबलचक मजल मारली कीं प्रेक्षक टाळ्या वाजवितात. पण दुसऱ्याच क्षणीं जाणत्याच्या मनांत शंका येते कीं, ही चढाईची शर्थ झाली कीं बचावाची गफलत झाली? दोन्ही हात आपलेच. एकानें दुसऱ्यास खालीं दाबलें तर आनंद मानावा कीं चिंता करावी? खुद्द प्रशिक्षकहि या कोड्यांतून सुटत नाहीं. त्यांत तो आपल्या भात्यांतील चांगले बाण बाहेर काढीत नाहीं. वस्ताद एक डाव राखून ठेवतो असें आपल्याकडे म्हणतात. येथें तर एकच नव्हे, बहुतेक सारे डाव राखून ठेवलेले असतात. कारण चित्रफितींच्या द्वारें शरदांतील सारे प्रतिस्पर्धी हा सामना निरखून पाहणार, हें त्यास ठाऊक असतें. मैदानावर जें दिसतें तें साध्या, सर्वांस माहीत असलेल्या डावांचेंच प्रदर्शन असतें.

वसंतांतील अंदाज शरदांत कसे फसतात याचीं दोन ठळक उदाहरणें आहेत. अलाबामा विद्यापीठाचा संघ २००६ च्या हंगामांत सहा सामने जिंकून सात हरला होता. जानेवारी २००७ मध्यें निक सेबन हे नवे प्रशिक्षक आले आणि त्यांचें काम पाहण्यासाठीं २१ एप्रिल रोजीं टस्कलूसा येथील क्रीडांगणांत ९२,१३८ माणसें जमलीं. प्रवेश विनामूल्य होता. क्रीडांगण तुडुंब भरल्यावर मागाहून आलेल्यांस दारावरून परतावें लागलें. एवढी आशा पाहून कोणासहि वाटावें कीं विजय आतां दाराशीं आला. तथापि त्या शरदांत हा संघ सहा सामने हरला. राष्ट्रीय विजेतेपद मिळालें तें दोन वर्षांनीं, २००९ च्या हंगामांत, आणि त्यानंतर सेबन यांनीं अलाबामास आणखी पांच वेळां तो मान मिळवून दिला.

दुसरें उदाहरण त्याच राज्यांतील ऑबर्न विद्यापीठाचें. २०१२ सालीं या संघानें बारांपैकीं नऊ सामने गमावले होते. २० एप्रिल २०१३ च्या वसंतसामन्यास तरीहि ८३,४०१ लोक आले. पुढच्या शरदांत याच संघानें आपल्या विभागाचें अजिंक्यपद पटकावून राष्ट्रीय अंतिम सामन्यापर्यंत मजल मारली. परंतु ज्या निक मार्शल नांवाच्या क्वार्टरबॅकनें त्या मोहिमेचें नेतृत्व केलें तो एप्रिलमध्यें ऑबर्नला आलेलाच नव्हता. तो उन्हाळ्यांत दाखल झाला. त्र्याऐंशी हजार लोकांनीं भविष्य पाहण्यासाठीं डोळे ताणले, पण त्या भविष्यांतील मुख्य पात्र त्यांना दिसणें शक्यच नव्हतें.

मग लोक कशासाठीं जातात? त्याचें पहिलें कारण अगदीं व्यवहारांतलें आहे. शरदांतील मोठ्या सामन्यांचीं तिकिटें महाग असतात आणि पुष्कळ ठिकाणीं तीं पिढ्यान् पिढ्या ठराविक घराण्यांकडेच चालत आलेलीं असतात. नेब्रास्का विद्यापीठाच्या लिंकन येथील क्रीडांगणांत १९६२ पासून प्रत्येक घरचा सामना भरगच्च झालेला आहे. तें भरलें म्हणजे ओमाहा आणि लिंकन या दोन शहरांच्या खालोखाल त्या राज्यांतील तिसरी मोठी वस्तीच तेथें उभी राहते. अशा ठिकाणीं चार मुलांच्या शेतकरी कुटुंबानें आंत पाऊल कसें टाकावें? वसंतसामन्यास प्रवेश फुकट किंवा नाममात्र असतो. जागा पुढची मिळते. खेळ आटोपल्यावर पुष्कळ ठिकाणीं मुलांना मैदानांत उतरून खेळाडूंच्या सह्या घेतां येतात. पुष्कळ मुलांनीं आपल्या आवडत्या संघाचें प्रथम दर्शन घेतलेलें असतें तें याच दिवशीं. महाराष्ट्रांतून उच्च शिक्षणासाठीं तिकडे गेलेल्या विद्यार्थ्यासहि बेताच्या पैशांत हा खेळ समजून घेण्यास यापेक्षां सोईचा दिवस नाहीं. कारण आजूबाजूस बसलेल्यांच्या मनावर निकालाचें ओझें नसतें आणि शेजारी प्रत्येक खेप समजावून सांगण्यास मोकळा असतो.

दुसरें कारण खेळाडूंच्या बाजूचें आहे. एका विद्यापीठाच्या संघांत शंभराच्या वर गडी असतात. मोठ्या सामन्यांत त्यांतील निम्म्यांचाहि पाय मैदानास लागत नाहीं. कांहीं तर शिष्यवृत्तीवांचून, निव्वळ आवडीखातर, रोज पहाटे उठून सराव करीत असतात. सबंध आठवडाभर पुढच्या प्रतिस्पर्ध्याचें सोंग घेऊन पहिल्या प्रतीच्या गड्यांचे धक्के खाणें हेंच त्यांचें काम. अशा गड्याचें नांव भरल्या क्रीडांगणांत ध्वनिक्षेपकावरून पुकारलें जावें आणि त्याच्या आईबापांनीं तें ऐकावें, असा प्रसंग वर्षांतून एकदांच येतो. डिसेंबरांत शाळा संपवून सहा महिने आधींच कॉलेजांत दाखल झालेली अठरा वर्षांचीं पोरेंहि त्या दिवशीं पहिल्यांदा मोठ्या मैदानावर पाऊल ठेवतात.

तिसरें कारण म्हणजे या दिवसाभोवतीं जमलेल्या रूढी. अलाबामांत डेनी चाइम्स नांवाचा घंटांचा मनोरा आहे. गेल्या हंगामाच्या कप्तानांनीं त्याच्या पायथ्याशीं ओल्या सिमेंटमध्यें हातापायांचे ठसे उमटवावयाचे असतात, तें याच दिवशीं. तेथेंच जिंकणाऱ्या पक्षास भाजलेल्या मांसाचें सुग्रास जेवण आणि हरणाऱ्या पक्षास नुसत्या घेवड्याच्या उसळीसारखा साधा बेत, असाहि एक विनोदी प्रघात आहे. ऑबर्नच्या ज्या सामन्याचा वर उल्लेख आला त्याची गर्दी तर आणखी एका कारणासाठीं होती. तेथील एका चौकांत दोन जुने ओक वृक्ष होते आणि विजयानंतर त्यांवर शौचालयांतील कागदाच्या गुंडाळ्या उधळून त्यांना पांढरें शुभ्र करून सोडण्याची चाल होती. २०१० च्या हंगामाअखेर प्रतिस्पर्धी संघाच्या एका वेड्या चाहत्यानें त्या झाडांच्या मुळांशीं विष घातलें. झाडें वांचलीं नाहींत. २३ एप्रिल २०१३ रोजीं तीं तोडण्यांत आलीं. त्याच्या तीन दिवस आधीं, वसंतसामन्यानंतर, हजारों लोकांनीं त्या चौकांत जमून त्यांवर अखेरचे कागद उधळले. विजय कोणाचाच झालेला नव्हता; लोक निरोप द्यावयास आले होते. दोन वर्षांनीं तेथें नवीं रोपें लावण्यांत आलीं.

निकालास किंमत नसण्याचा एक लाभ असाहि आहे कीं, ज्या गोष्टीस खऱ्या सामन्यांत जागा नसते तिला येथें जागा करतां येते. ६ एप्रिल २०१३ रोजीं नेब्रास्काच्या वसंतसामन्यांत शेवटच्या सत्रांत एक सात वर्षांचा मुलगा मैदानावर आला. त्यास मेंदूचा कर्करोग झालेला होता. मोठ्या गड्यांसारखाच सदरा आणि शिरस्त्राण त्यानें चढविलें होतें. क्वार्टरबॅकनें चेंडू त्याच्या हातीं दिला, गड्यांनीं वाट दाखविली आणि तो पोर ६९ यार्ड धांवत टोकाच्या पट्टींत पोंचला. दोन्ही पक्षांचे सारे खेळाडू बाकांवरून उठून त्याच्याभोवतीं गोळा झाले. तो क्षण नंतर देशभर दाखविला गेला आणि बालकांच्या कर्करोगावरील संशोधनाकडे लोकांचें लक्ष वळविण्यास कारण झाला. तो मुलगा पुढें बारा वर्षें जगला. जानेवारी २०२५ मध्यें त्यास मृत्यु आला.

योगायोग असा कीं, त्यानंतर थोड्याच दिवसांनीं, १ फेब्रुवारी २०२५ रोजीं, नेब्रास्काचे प्रशिक्षक मॅट रूल यांनीं नेहमींचा वसंतसामना त्या वर्षीं होणार नाहीं असें जाहीर केलें. त्यांनीं सांगितलेलें कारण थोडक्यांत असें होतें: मागील वर्षीं हा सामना दूरचित्रवाणीवर दाखविला गेला आणि त्यानंतर इतर ठिकाणच्या लोकांनीं आपल्या खेळाडूंस आमिषें दाखविलीं. सामन्याऐवजीं एप्रिलमध्यें लोकांसमोर कौशल्याच्या स्पर्धा ठेवण्यांत आल्या. टेक्सास विद्यापीठानेंहि त्या वर्षीं सामना गाळला. पण त्याचें कारण निराळें होतें. तो संघ दोन हंगामांत मिळून ३० सामने खेळला होता आणि गड्यांच्या अंगावर आणखी एक झुंज लादणें प्रशिक्षकांस इष्ट वाटलें नाहीं. राष्ट्रीय विजेतेपदाच्या स्पर्धेंत २०२४ च्या हंगामापासून चाराऐवजीं बारा संघ घेऊं लागल्यामुळें ही थकावट वाढणार हें उघड होतें.

आमिषाची भीति समजण्यासाठीं खेळाडूंच्या हक्कांत झालेला पालट ध्यानांत घेतला पाहिजे. पूर्वीं एका विद्यापीठांतून दुसऱ्यांत जाणाऱ्या फुटबॉल खेळाडूस बहुधा एक वर्ष सामन्यांबाहेर बसावें लागे. ऑक्टोबर २०१८ मध्यें स्थलांतर करूं इच्छिणाऱ्यांची एक संगणकीय यादी सुरू झाली. २०२१ मध्यें एकदां आणि २०२४ पासून कितीहि वेळां, वर्ष न गमावतां, विद्यापीठ बदलण्याची मोकळीक मिळाली. १ जुलै २०२१ पासून खेळाडूंस आपल्या नांवाचा व प्रसिद्धीचा मोबदला घेतां येऊं लागला आणि जून २०२५ मध्यें न्यायालयानें संमत केलेल्या एका तडजोडीमुळें विद्यापीठांनाच खेळाडूंस पैसा देण्याची वाट खुली झाली. स्थलांतराची एक मुदत एप्रिल महिन्यांतच पडत असे. म्हणजे शनिवारीं सामन्यांत चमकलेला राखीव गडी दुसऱ्या आठवड्यांत परक्या संघाचा होऊं शकत असे. जें घरचें कौतुक होतें तें अशा रीतीनें बाजारांतलें प्रदर्शन होऊन बसलें.

याचा उलट अनुभवहि आहे. कोलोरॅडो विद्यापीठाचा संघ २०२२ मध्यें बारांपैकीं अकरा सामने हरला होता. डिऑन सँडर्स हे नामांकित माजी खेळाडू प्रशिक्षक होऊन आले आणि २२ एप्रिल २०२३ च्या वसंतसामन्यास, बर्फ पडत असतांहि, ४७,२७७ लोक उपस्थित राहिले. पुढच्या कांहीं दिवसांतच त्या संघांतील अनेक जुने गडी स्थलांतराच्या यादींत दाखल झाले. प्रशिक्षकासच नवा संघ उभारावयाचा होता. खेळाडू जाऊं शकतो त्याप्रमाणें त्यास जाण्यास सुचवितांहि येतें. २०२५ मध्यें सँडर्स यांनीं आपसांत खेळण्याऐवजीं सिरॅक्यूस विद्यापीठाशीं सरावाचा सामना करण्याची कल्पना मांडली. नियामक संस्थेनें त्या वर्षीं तीस संमति दिली नाहीं.

या वादांत सारा दोष एकाच पक्षाच्या माथीं मारतां येत नाहीं. प्रशिक्षक संघ राखण्यासाठीं धडपडतो, हें त्याचें कर्तव्यच आहे. तीन वर्षें बाकावर बसलेल्या तरुणास दुसरीकडे खेळावयास मिळत असेल, तर त्यानें कोणा तरी परक्याच्या नजरेस पडूं नये असें म्हणणें अन्यायाचें होईल. त्याच्या दृष्टीनें तो एक शनिवार जन्माचें सोनें करणारा ठरूं शकतो. ज्यानें वर्षानुवर्षें धक्के खाल्ले त्याचा मोबदल्यावर हक्क नाहीं, असें तरी कोणी म्हणावें? हानि होते ती या व्यवहारांत ज्याची सही नसते त्याची, म्हणजे फुकटच्या दिवसाची वाट पाहणाऱ्या कुटुंबाची. २०२५ च्या शरदांत एनसीएएनें एप्रिलची मुदत काढून टाकून जानेवारींत एकच मुदत ठेवण्याचें ठरविलें. त्यामुळें भीतीचें एक कारण दूर झालें; पण चित्रफीत जानेवारीपर्यंतहि टिकते, आणि थकलेल्या गुडघ्यांचा प्रश्न त्यानें सुटत नाहीं.

कोल्हापूरकडच्या तालमींत जोर आणि कुस्ती असा भेद करतात. कुस्ती मैदानांत व्हावयाची, तिचा निकाल गांवोगांव पोंचावयाचा. जोर मात्र रोज हौद्यांत, आपल्याच जोडीदाराशीं करावयाचा. त्यांत कोण पडला याची कोणी नोंद ठेवीत नाहीं. तरी हौद्याच्या कडेला बसून जोर पाहणारीं जुनीं माणसें असतातच. पोराची मान कशी वळते, त्याचा दम किती टिकतो, पडल्यावर तो कसा उठतो, हें तीं पाहत असतात. मैदानांत हा पोर जिंकेल कीं नाहीं हें त्यांनाहि सांगतां येत नाहीं. पण जिंकला अथवा हरला तरी तो त्यांच्या ओळखीचा झालेला असतो. एप्रिलच्या उन्हांत बसलेल्या त्या हजारों लोकांस वसंतसामन्यांतून मिळतें तें हेंच. शरद ऋतु आला कीं खेळाडूची किंमत गुणांवरून ठरूं लागते. त्यापूर्वीं एकदां त्याचें तोंड पाहून ठेवावें, त्याचें नांव मुलांना सांगावें, एवढ्यासाठींच ते आलेले असतात. दार उघडें ठेवावयाचें कीं लावून घ्यावयाचें याचा निर्णय प्रत्येक विद्यापीठ आपापल्या परीनें करील; परंतु तो करतांना हौद्याच्या कडेला बसणाऱ्या या माणसांचा हिशेब कोणत्या तरी वहींत धरावा लागेल.